गुलाब खाणारं जनावर

सकाळची न्याहारी चालली आहे. नवरा खाली एकटाच बसून अंडी खातोय, बायको वरच्या खोलीत अजून अंथरुणात आहे. खाता खाता त्याची नजर बाहेर जाते. बागेत एक पांढरंशुभ्र जनावर उभं आहे. घोड्यासारखं, पण कपाळाच्या मधोमध सोन्याचं एकच शिंग. ते निवांतपणे गुलाब खातंय.

नवरा जिना चढून जातो, बायकोला उठवतो आणि पाहिलेलं सांगतो. असलं जनावर गोष्टीत असतं, बागेत नसतं, अशा अर्थाचं काहीतरी ती त्रासून बोलते आणि कूस बदलते. तो पुन्हा खाली जातो. जनावर आहेच. तो एक लिली उपटून पुढे धरतो, ते ती खाऊन टाकतं. हरखून तो परत वर. या खेपेला बायको उठून बसते आणि त्याला वेड्यांच्या इस्पितळात टाकायची धमकी देते. आपल्याकडे भांडणात 'येरवड्याला पोचवीन' म्हणतात ते रागाच्या भरात. ही बाई मात्र ते ठरवून म्हणते. तो बागेत येतो तोवर जनावर निघून गेलेलं असतं. तो तिथेच गुलाबांत बसतो आणि त्याचा डोळा लागतो.

इकडे बायको घाईघाईने कपडे बदलून पोलिसांना फोन करते, मानसोपचारतज्ज्ञाला फोन करते, वेड्याला जखडायचा कोटही आणायला सांगते. मंडळी येतात, खुर्च्यांवर बसतात आणि तिच्याकडे निरखून पाहू लागतात. ती सगळं सांगू लागते. बागेतलं जनावर, त्याचं सोन्याचं शिंग, त्याने खाल्लेली लिली. ऐकणारे एकमेकांकडे बघतात. डॉक्टर खूण करतो आणि पोलीस तिच्यावरच झडप घालतात. झटापटीत नवरा आत येतो. एकशिंगी घोडा पाहिल्याचं तुम्ही बायकोला सांगितलंत का, असं डॉक्टर त्याला विचारतो. नवरा शांतपणे नाही म्हणतो, आणि सकाळी बायकोने त्याला जे सुनावलं होतं तेच डॉक्टरला सांगतो. बाईला उचलून नेतात. नवरा पुढे सुखात राहतो.

जेम्स थर्बर या अमेरिकन लेखकाची ही बोधकथा 21 ऑक्टोबर 1939 च्या 'न्यू यॉर्कर' साप्ताहिकात आली. चौदा वर्षांनी, 1953 च्या सप्टेंबरात, तिच्यावरचा 'युनिकॉर्न इन द गार्डन' हा सात मिनिटांचा ॲनिमेशनपट थिएटरांत लागला. तो काढला यूपीए नावाच्या लहानशा स्टुडिओने, दिग्दर्शन केलं विल्यम हर्ट्झने. ही गोष्ट पहिल्यांदा बघताना माणूस हसतो. मला ती पुनःपुन्हा बघताना वेगळंच काही जाणवत गेलं. या सात मिनिटांत काय दिसलं याला फारसं महत्त्व नाही. दिसलेलं कोण, कुणापुढे, कुठल्या शब्दांत सांगतो, यावर माणसाचं सगळं आयुष्य ठरतं. ज्या लोकांनी हा चित्रपट काढला त्यांच्या डोक्यावर त्याच वर्षांत हीच टांगती तलवार होती.

पण आधी थर्बर. कारण त्या बागेतलं जनावर त्याच्या डोळ्यांतून आलेलं असावं, आणि हे अलंकारिक बोलणं नाही.

थर्बरचा जन्म 1894 चा, ओहायो राज्यातल्या कोलंबस गावचा. 1901 साली, सहा वर्षांचा असताना, भावांबरोबर धनुष्यबाणाचा खेळ खेळताना भावाचा बाण त्याच्या डाव्या डोळ्यात घुसला. डोळा गेला. जखमी डोळा वेळेत काढला गेला नाही आणि त्याची झळ उजव्या डोळ्यालाही लागली. ती आयुष्यभर पुरली. धडधाकट मुलांच्या खेळांतून तो बाहेर पडला आणि गोष्टी रचण्याकडे, कागदावर रेघोट्या मारण्याकडे वळला. चित्रकलेचं रीतसर शिक्षण त्याला कधी मिळालं नाही. त्याच्या आकृत्यांना हाडं नाहीत. मळलेल्या कणकेची माणसं करावीत तशी ती दिसतात. रेघ एकदाच ओढलेली, खोडाखोड नाही, सावली नाही, मागे एखादा दिवा किंवा भिंतीवर वाकडी तसबीर.

1927 साली तो 'न्यू यॉर्कर'मध्ये लागला. ई. बी. व्हाइट हा लेखक त्याच्याच खोलीत बसे. थर्बर पेन्सिलीने काहीतरी खरडायचा आणि कागद चुरगाळून फेकून द्यायचा; व्हाइट ते उचलून ठेवायचा. खडकावर बसलेल्या एका सीलचं चित्र व्हाइटने शाई फिरवून संपादकांकडे पाठवलं. सीलच्या मिशा अशा नसतात, असा शेरा मारून ते परत आलं. व्हाइटने त्यावर लिहून धाडलं की थर्बरच्या सीलच्या मिशा अशाच असतात. 1929 मध्ये दोघांनी मिळून एक विनोदी पुस्तक लिहिलं. त्यासाठी थर्बरची चित्रं व्हाइटने प्रकाशकांपुढे मांडली तेव्हा त्यांना वाटलं, ही कुणा चित्रकारासाठी केलेली कच्ची टिपणं असावीत. व्हाइटने सांगितलं, चित्रं हीच.

तो सील पुढे परत आला. थर्बर पुन्हा एकदा खडकावरचा सील काढत होता. खडक काही जमेना, तो पलंगाच्या डोक्याकडच्या फळीसारखा दिसायला लागला. थर्बरने मग खाली पलंगच काढला आणि पलंगावर नवरा-बायको. सीलचं ओरडणं ऐकलं असं नवरा म्हणतोय आणि बायको वैतागून, बरं बाबा, ऐकलंस तू, अशा सुरात विषय संपवतेय. सील दोघांच्या मागे फळीवर बसून आहे. दोघांनाही तो दिसत नाही, वाचकाला मात्र दिसतो. 1932 च्या जानेवारीत हे चित्र छापून आलं आणि थर्बरचं नाव झालं. एकशिंगीच्या गोष्टीचं बी मला त्या पलंगावर दिसतं. नवऱ्याला काहीतरी जाणवलं आहे, बायकोचा विश्वास नाही, आणि जनावर खरोखर तिथे आहे.

थर्बरचा स्वतःचा पहिला संसार तेव्हा डळमळीत झाला होता. 1935 मध्ये तो मोडला आणि त्याच वर्षी त्याने दुसरं लग्न केलं. त्याच्या आदल्या वर्षी पुरुष आणि बायका यांच्यातल्या युद्धाची एक चित्रमालिका त्याने 'न्यू यॉर्कर'मध्ये काढली होती. तिच्यातल्या बायका भक्कम आहेत, पुरुष गोंधळलेले. 1939 साली मार्चमध्ये वॉल्टर मिटीची कथा आली. बायकोबरोबर बाजारहाटाला गेलेला, तिची बोलणी खाणारा, मनातल्या मनात मात्र जहाजाचा कप्तान आणि निष्णात सर्जन होणारा मिटी जगभर गाजला. त्याच वर्षी ऑक्टोबरात एकशिंगी आला. मिटीचं स्वप्न शेवटपर्यंत त्याच्या डोक्यातच राहतं. बागेतला नवरा मात्र आपलं स्वप्न हाताने भरवतो.

या बोधकथांना थर्बर शेवटी तात्पर्य जोडतो. इथे त्याने अंडी फुटायच्या आधी पिलं मोजू नयेत या इंग्रजी म्हणीला एक शाब्दिक कोलांटी मारली आहे. मूर्खासाठीचा शब्द आणि वेड्यांच्या इस्पितळासाठीचा बोलीतला शब्द एकमेकांत अडकवून केलेली ती कोटी मराठीत उतरत नाही. पण त्या इंग्रजी म्हणीला आपल्याकडे जी जोड आहे ती या कथेला अधिक जवळची आहे असं मला वाटतं: बाजारात तुरी आणि भट भटणीला मारी. तुरी अजून बाजारात आहेत, वरण कसं करायचं यावरून घरात मारामारी जुंपली आहे. इंग्रजी म्हणीत एकटा माणूस पिलं मोजतोय. मराठीत तीच गोष्ट नवरा-बायकोची झाली आहे, आणि नसलेल्या वरणासाठी मार खरा बसतो आहे. लग्न आणि कल्पना एका घरात नांदू लागल्या की काय होतं, हे आपल्या आज्यांनी सहा शब्दांत सांगून ठेवलं आहे.

आता त्या स्टुडिओकडे येऊ.

1937 च्या डिसेंबरात डिस्नेचा 'स्नो व्हाइट' आला आणि त्याने अफाट पैसा मिळवला. त्यातून बरबँकमध्ये नवा स्टुडिओ उभा राहिला. मग युरोपात युद्ध पेटलं, तिकडचा बाजार बंद झाला, 'पिनोकिओ' आणि 'फॅन्टेशिया' यांचा खर्च निघेना. आत काम करणाऱ्या शेकडो माणसांच्या पगारात जमीन-अस्मानाचा फरक होता, पडद्यावर नाव कुणाचं येईल याचा नेम नव्हता. संघटनेच्या कामात पुढे असलेल्या आर्ट बॅबिट या नामांकित ॲनिमेटरला आणि इतर काहींना काढून टाकल्यावर 29 मे 1941 रोजी संप सुरू झाला. तो उन्हाळाभर चालला. शेवटी संघटनेला मान्यता द्यावी लागली, पण दोन्ही बाजूंची मनं फाटली ती फाटलीच. पुष्कळ तरुण चित्रकार तिथून निघाले. विल्यम हर्ट्झ त्या संपकऱ्यांतलाच.

डेव्हिड हिल्बरमन, झॅक श्वार्ट्झ आणि स्टीफन बोसुस्टॉव हे डिस्नेकडून बाहेर पडलेले तिघे 1943 मध्ये एकत्र आले. त्यांच्या छोट्या कंपनीचं पुढे युनायटेड प्रॉडक्शन्स ऑफ अमेरिका, म्हणजे यूपीए झालं. सुरुवातीची कामं युद्धकाळातली आणि कामगार संघटनांची होती. 1944 मध्ये मोटार कामगारांच्या संघटनेसाठी त्यांनी रूझवेल्टच्या निवडणुकीचा प्रचारपट केला. नंतर माणसांमाणसांतला वंशभेद किती वरवरचा आहे हे सांगणारा 'ब्रदरहूड ऑफ मॅन' केला. त्याचा आधार रूथ बेनेडिक्ट आणि जीन वेल्टफिश या दोन मानववंशशास्त्रज्ञ स्त्रियांनी लिहिलेली पुस्तिका होती.

यूपीएतल्या चित्रकारांना डिस्नेच्या गोल, मऊ, जिवंत प्राण्याचा भास करून देणाऱ्या चित्रणाचा कंटाळा आला होता. ते मातिस, पिकासो, क्ले बघत होते. दृश्यभाषेवरचं ज्यॉर्जी केपेशचं पुस्तक त्यांच्यात हातोहात फिरत होतं. सपाट कागदावर काढलेलं चित्र सपाट दिसलं तर बिघडलं कुठे, हा त्यांचा प्रश्न होता. 1948 मध्ये कोलंबिया पिक्चर्सशी करार झाला, 1949 मध्ये मिस्टर मगू जन्मला. हट्टी, समोरचं काहीच धड न दिसणारा हा म्हातारा स्टुडिओचा सर्वांत मोठा आधार ठरला. आणि 1950 मध्ये 'जेराल्ड मॅक्बॉइंग-बॉइंग' आला. बोलण्याऐवजी तोंडातून आवाजच काढणाऱ्या एका लहान मुलाची डॉ. स्यूसने लिहिलेली ही गोष्ट, दिग्दर्शन बॉबी कॅननचं, आणि पडद्यावरची मांडणी हर्ट्झची. त्यात भिंत कुठे संपते आणि जमीन कुठे सुरू होते हे दाखवणारी रेघच नाही. एक रंग, त्यावर खुर्ची, खुर्चीवर माणूस. घर आपण मनातच बांधतो. त्याला ऑस्कर मिळालं. म्हणजे हर्ट्झच्या हातात थर्बरची गोष्ट आली तेव्हा कमी रेघांत घर उभं करायची कला त्याला अवगत होती.

थर्बरच्या कथा आणि चित्रं घेऊन पूर्ण लांबीचा चित्रपट करायचं यूपीएच्या मनात होतं. त्याला पैसा मिळाला नाही. त्या मोठ्या स्वप्नातलं हा सात मिनिटांचा तुकडा तेवढा हाती लागला.

काम वाटतं तितकं सोपं नव्हतं. चित्रपटात सेकंदाला 24 चौकटी सरकतात. सात मिनिटं म्हणजे दहा हजारांवर चौकटी. एकेक चित्र दोन चौकटींना पुरवलं तरी हजारो चित्रं लागतात, आणि प्रत्येक आकृती आधीच्या आकृतीशी जुळायला हवी. व्यावसायिक ॲनिमेटरचं सगळं शिक्षण या जुळण्यासाठीच असतं. थर्बरचा माणूस तर त्याच्या स्वतःच्या दोन चित्रांतही एकसारखा नसतो. त्याचा खांदा कुठे आहे हे विचारायची सोय नाही. वर्षानुवर्षं शरीररचना घोटलेल्या हातांना ती घडण बाजूला ठेवून हाडं नसलेला माणूस चालवायचा होता, जिन्यावरून चढवायचा-उतरवायचा होता, आणि तरी तो थर्बरचाच दिसायला हवा होता. मूळची रेघ राखायची, तिला सुबक होऊ द्यायचं नाही, यासाठी जी शिस्त लागते ती सुबक चित्र काढण्याहून कठीण आहे. हर्ट्झने आणि कलादिग्दर्शक रॉबर्ट ड्रँकोने ती पाळली. पडद्यावर थर्बरची वही चालू लागल्यासारखी वाटते. संगीत डेव्हिड रॅक्सिनचं. 'लॉरा' या 1944 च्या चित्रपटाची सुरावट ज्याची, चॅप्लिनला 'मॉडर्न टाइम्स'च्या संगीतात ज्याने हात दिला, तो हा रॅक्सिन.

चित्रपटाने कथेत एक मोठा फरक केला, आणि तो माध्यमानेच करवून घेतला. कागदावर लेखक सांगतो की जनावर होतं. विश्वास ठेवायचा की नाही हे आपलं आपण ठरवतो. पडद्यावर आपण ते बघतो. गुलाब खाताना बघतो, लिली खाताना बघतो. आपण साक्षीदार होतो. आणि डॉक्टर जेव्हा नवऱ्याला प्रश्न विचारतो तेव्हा खरं काय ते थिएटरातल्या प्रत्येकाला माहीत असतं, पण आपल्याला कुणी विचारत नाही. ती बाई जे सांगतेय त्यात एक अक्षर खोटं नाही. नवऱ्याने तिला जे सांगितलं तेच ती पुढे सांगते. खरं सांगणारी आत जाते आणि नाही म्हणणारा घरी राहतो.

1953 सालच्या हॉलिवूडमध्ये हे दृश्य फक्त विनोदाचं उरलं नसणार, असं मला वाटतं. 24 ऑक्टोबर 1947 रोजी वॉल्ट डिस्नेने वॉशिंग्टनमध्ये लोकप्रतिनिधींच्या चौकशी समितीपुढे साक्ष दिली. आपल्या स्टुडिओतल्या संपामागे कम्युनिस्ट होते असं तो म्हणाला आणि त्याने घेतलेल्या नावांत हिल्बरमनचंही होतं. पुढच्या वर्षांत अशा साक्षींची रांग लागली. समितीपुढे जायचं, सहकाऱ्यांची नावं सांगायची, आणि आपली नोकरी वाचवायची. जो नावं सांगणार नाही त्याला काम मिळणार नाही. 1952 मध्ये याची झळ थेट यूपीएला बसली. चित्रपटांचं वितरण कोलंबियाच्या हातात होतं आणि ज्यांच्यावर संशय आहे अशी माणसं तिला नको होती. जॉन हबलीला स्टुडिओ सोडावा लागला. 'रूटी टूट टूट'सारखी अप्रतिम कृती देणारा, मगूला आकार देणारा, यूपीएचा बहुधा सर्वांत प्रतिभावान माणूस. त्याने नावं सांगितली नाहीत. गेल्यावर त्याला आपल्या नावाशिवाय जाहिरातपट करावे लागले.

पुढच्याच वर्षी, त्याच इमारतीत, एका बाईने आपल्या नवऱ्याला पकडून देण्यासाठी पोलिसांना फोन केल्याचा हा चित्रपट तयार झाला. हर्ट्झने त्यात राजकारण भरलं असा पुरावा माझ्यापाशी नाही, आणि तसा दावाही मी करत नाही. गोष्ट 1939 ची आहे, तिच्यात असं काही नव्हतं. पण काळ बदलला की तीच गोष्ट वेगळी ऐकू येते. खुर्च्यांवर बसून निरखणारे अधिकारी, त्यांच्यापुढे जिव्हाळ्याच्या माणसाविषयी उत्साहाने बोलणारा तक्रारदार, आणि एका प्रश्नाच्या हो-नाहीवर टांगलेलं आयुष्य, हे सगळं त्या प्रेक्षकांनी वर्तमानपत्रांत रोज वाचलेलं होतं. थर्बर स्वतःही या बाबतीत गप्प बसणारा नव्हता. ओहायोच्या विद्यापीठात, जिथे तो शिकला, बाहेरून येणाऱ्या वक्त्यांवर बंधन घालणारा नियम झाला होता. 1951 मध्ये त्या विद्यापीठाने देऊ केलेली सन्मान्य पदवी त्याने त्या नियमासाठी नाकारली.

या गोष्टीत मला खुपणारं एक ठिकाण आहे, आणि ते झाकून पुढे जावंसं वाटत नाही. बाई ओरडत, तडफडत नेली जाते आणि आपण हसतो. अमेरिकेत हे एके काळी कायद्याने होत होतं. इलिनॉय राज्यात 1851 चा कायदा असा होता की जाहीर चौकशीशिवाय, नवऱ्याच्या म्हणण्यावर, बायकोला वेड्यांच्या इस्पितळात ठेवता येई. 1860 साली एलिझाबेथ पॅकार्ड या सहा मुलांच्या आईला तिच्या पाद्री नवऱ्याने जॅक्सनव्हिलच्या इस्पितळात टाकलं. तिचा गुन्हा इतकाच की धर्माविषयी तिची मतं नवऱ्याहून वेगळी होती आणि ती ती बोलून दाखवायची. तीन वर्षांनी ती सुटली, नवऱ्याने घरात कोंडली, आणि 1864 मध्ये ज्युरीने काही मिनिटांत ती शहाणी असल्याचा निर्णय दिला. उरलेलं आयुष्य तिने असे कायदे बदलून घेण्यात घालवलं. थर्बरच्या कथेत कट बायको रचते आणि फासा उलटा पडतो. इतिहासात फासा बहुतेक वेळा नवऱ्याच्याच हातात होता. ही कथा मला आवडते, तिच्या रचनेपुढे मी मान झुकवतो, पण शेवटच्या 'सुखात राहिला'पाशी पॅकार्डबाईची आठवण झाल्याशिवाय राहत नाही.

आणि त्या जनावराचं काय? बाईचं म्हणणं होतं की ते गोष्टीतलं आहे. ती गोष्ट पाश्चात्त्यांकडे गेली ती आपल्याकडच्या भूमीचं नाव सांगत. इराणच्या दरबारात वैद्य असलेल्या क्टेसियस या ग्रीकाने इसवी सनापूर्वी 400 च्या आसपास भारतावर एक ग्रंथ लिहिला. तो स्वतः इथे आला नव्हता. ऐकलेलं लिहीत होता. भारतात घोड्याएवढी रानगाढवं असतात, अंग पांढरं, डोकं गडद लाल, कपाळावर एक शिंग, आणि त्या शिंगातून पिणाऱ्याला विष बाधत नाही, असं त्याने नोंदवलं. गेंड्याची कुणीतरी सांगितलेली हकीकत त्यात मिसळली असावी असं अभ्यासक मानतात. मजल दरमजल करत तेच जनावर युरोपच्या चित्रांत, गालिच्यांत, राजचिन्हांत शिरलं आणि शेवटी एका अमेरिकन घराच्या बागेत गुलाब खाऊ लागलं. म्हणजे त्याच्या जन्मापासूनच त्याच्याभोवती हाच प्रश्न आहे: दूरवर कुणीतरी ते पाहिलं म्हणतो, दुसरा ते पुढे सांगतो, तिसऱ्याने मानायचं की नाही?

प्रदर्शित झाल्यावर चित्रपटाच्या वाट्याला मोठे मानसन्मान आले नाहीत. त्या वर्षीच्या ऑस्करच्या यादीत यूपीएचे दोन लघुपट होते: एडगर ॲलन पोच्या कथेवरचा 'टेल-टेल हार्ट' आणि राग आला की कोंबडी होणाऱ्या मुलाचा 'ख्रिस्टोफर क्रम्पेट'. एकशिंगी त्यांत नव्हता. बक्षीस मिळालं डिस्नेच्या 'टूट, व्हिसल, प्लंक अँड बूम'ला. आणि तो सपाट रंगांचा, कोनदार आकृत्यांचा, सरळ सरळ यूपीएच्या वळणाने काढलेला होता. बारा वर्षांपूर्वी ज्या घरातून ही माणसं बाहेर पडली त्या घराने त्यांची रेघ उचलली होती. 1955 मध्ये न्यू यॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाने यूपीएचं प्रदर्शन भरवलं. समुद्रापार, तेव्हाच्या युगोस्लाव्हियातल्या झाग्रेबच्या चित्रकारांनी 'फोर पोस्टर' हा 1952 चा चित्रपट पाहिला. एका जोडप्याचा सगळा संसार एका शयनगृहात दाखवणारी ही कथा, तिचे दुवे हबलीच्या ॲनिमेशनने जोडलेले. तेवढ्या तुकड्यांवरून त्यांनी आपली वाट शोधली. त्यांच्यातल्या दुशान वुकोटिचच्या 'सरोगेट'ला 1961 सालचं ऑस्कर मिळालं, अमेरिकेबाहेरच्या ॲनिमेशनपटाला मिळालेलं पहिलं.

यूपीए तोवर थकला होता. टीव्हीने थिएटरातले लघुपट संपवले आणि कमी चित्रांत भागवायची यूपीएची कला इतरांनी फक्त पैसे वाचवण्यासाठी घेतली. 1960 मध्ये स्टुडिओ विकला गेला. हर्ट्झ जे वॉर्डकडे गेला, तिथे रॉकी नावाची उडती खार आणि बुलविंकल नावाचा मूस यांच्या विनोदी मालिकेवर त्याने वर्षानुवर्षं काम केलं. 1994 साली ॲनिमेशन क्षेत्रातल्या हजार जणांच्या मतांवरून पन्नास सर्वश्रेष्ठ कार्टूनपटांचं पुस्तक निघालं, तेव्हा एकशिंगीचा क्रमांक त्यात अठ्ठेचाळिसावा होता.

शेवटी पुन्हा थर्बरच्या डोळ्यांकडे. मेंदूविज्ञानाचे अभ्यासक व्ही. एस. रामचंद्रन यांनी मेंदूच्या भासांवर लिहिलेल्या पुस्तकात थर्बरच्या नावाचं एक प्रकरण आहे. दृष्टी जाऊ लागली की मेंदू मोकळ्या जागा आपल्याच चित्रांनी भरून काढतो. शहाण्यासुरत्या माणसाला नसलेल्या गोष्टी स्पष्ट दिसतात. चार्ल्स बोने सिंड्रोम हे या अवस्थेचं नाव. थर्बरला ती असावी असं रामचंद्रन सुचवतात. अशी माणसं आपल्याला काय दिसतं हे सहसा कुणाला सांगत नाहीत. वेडं ठरवतील ही धास्ती असते.

1940 पासून थर्बरच्या उरलेल्या डोळ्यावर एकामागून एक पाच शस्त्रक्रिया झाल्या. तो डोळ्यांवर भिंग चढवून, मोठ्या कागदावर जाड काळ्या खडूने चित्रं काढू लागला. मग तेही दिसेना. 1951 च्या जुलैत 'टाइम' साप्ताहिकाच्या मुखपृष्ठासाठी त्याने स्वतःचं चित्र काढलं आणि त्यानंतर त्याचं चित्र काढणं थांबल्यासारखंच झालं. लिहिणं तो सांगून करी. आख्खी कथा मनात रचायची, पाठ करायची आणि मग लेखनिकाला सांगायची. 1953 च्या सप्टेंबरात त्याचा एकशिंगी पडद्यावर चालू लागला, त्याच्याच रेघेत, पांढराशुभ्र, सोन्याच्या शिंगाचा. थिएटरात बसलेल्या परक्या माणसांना तो दिसत होता. ज्याच्या बागेतून तो आला होता तो तेव्हा जवळजवळ पूर्ण अंध होता.